पाचगणीचा फारुख आणि आठ वर्षं थांबलेलं गाणं

ऑगस्ट १९९३ मध्ये ब्रिटनमधल्या विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर जे गाणं होतं, त्याचा गायक पावणेदोन वर्षांपूर्वीच वारला होता. गाणं ‘लिव्हिंग ऑन माय ओन’ आणि गायक फ्रेडी मर्क्युरी. ‘क्वीन’ या रॉक बँडचा हा गायक म्हणजे पाचगणीच्या सेंट पीटर्स शाळेत शिकलेला फारुख बुलसारा, हे सातारा जिल्ह्यात पुष्कळांना ठाऊक असतं. आपलं कौतुक मात्र बहुधा तिथेच थांबतं. त्याने गायलं काय आणि कसं, इथवर ते पोचत नाही.

फारुखचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ चा, झांझिबारचा. वडील तिथे ब्रिटिश सरकारच्या नोकरीत. घराणं गुजरातेतल्या बुलसारचं, म्हणजे आजच्या वलसाडचं. आडनाव तिथूनच आलं. आठ-नऊ वर्षांच्या या पारशी मुलाला आईवडिलांनी समुद्रापलीकडे पाचगणीला निवासी शाळेत पाठवलं. वाईहून पसरणीचा घाट चढून तिथे जायचं. घाटाच्या पायथ्याचं पसरणी हे शाहीर साबळे यांचं गाव. एकाच घाटवाटेवर असे दोन गळे निघावेत, याचं मला फार अप्रूप वाटतं.

शाळेत त्याला पियानोची शिकवणी लागली. १९५८ च्या सुमारास पाच मुलांनी मिळून ‘द हेक्टिक्स’ नावाचा बँड काढला. त्यात मुख्य गायक होता ब्रूस मरे. फारुख पियानोवर बसायचा आणि मागून साथीला गायचा. पुढे ज्याच्या आवाजावर भरलेली स्टेडियम्स डोलली, तो पहिल्या बँडमध्ये असा मागे होता.

त्या वयात त्याच्या कानावर लता मंगेशकरांच्या गाण्याचाही संस्कार झाला, असं त्याच्याविषयी लिहिणारे सांगतात. लतादीदींचं लहानपण सांगलीतलं, वडील मास्टर दीनानाथांच्या बलवंत संगीत मंडळीच्या सावलीतलं. लतादीदींचा सूर आणि मर्क्युरीचा सूर एका जातीचे आहेत असं म्हणणं ओढूनताणून होईल. पण वरच्या पट्टीत गेल्यावरही शब्द स्वच्छ ठेवायची शिस्त दोघांकडेही आहे, आणि ती ऐकणाऱ्याला जाणवते.

१९६४ मध्ये झांझिबारमध्ये क्रांती झाली आणि कुटुंब इंग्लंडला गेलं. १९७० मध्ये ‘क्वीन’ उभा राहिला. या बँडचं वेगळेपण असं की चौघेही गाणी रचायचे. ‘वुई विल रॉक यू’ गिटारवादक ब्रायन मेचं, ‘अनदर वन बाइट्स द डस्ट’ जॉन डीकनचं, ‘रेडिओ गा गा’ ड्रमवादक रॉजर टेलरचं. चार रचनाकार एका छपराखाली असले की वाद, तडजोडी आणि मनधरणी आलीच. १९८२ च्या ‘हॉट स्पेस’ या अल्बममध्ये नाचाचा ठेका वाढला, तेव्हा रॉकचे चाहते नाराज झाले. मर्क्युरीला मात्र तोच ठेका हवा होता. त्यामुळे एकट्याने गाण्याचा मार्ग त्याने धरला, तोही बँड न सोडता.

म्युनिकच्या म्युझिकलँड स्टुडिओत ‘मिस्टर बॅड गाय’ हा त्याचा एकट्याचा अल्बम झाला आणि १९८५ च्या एप्रिलमध्ये बाजारात आला. त्यातली गाणी एकेक करून ‘सिंगल’ म्हणून निघाली. सिंगल म्हणजे एका गाण्यासाठी काढलेली छोटी तबकडी. पॉपच्या बाजारात गाण्याचं नशीब तीच ठरवायची. ‘आय वॉज बॉर्न टू लव्ह यू’ अकराव्या क्रमांकापर्यंत चढलं. सप्टेंबरमध्ये आलेलं ‘लिव्हिंग ऑन माय ओन’ पन्नासाव्यावर अडकलं. दोन महिन्यांपूर्वी, १३ जुलैला, ‘लाइव्ह एड’ या मदतनिधीसाठीच्या कार्यक्रमात ‘क्वीन’ने लंडनचं वेम्ब्ली स्टेडियम जिंकलं होतं, तरीही! लोकांना मर्क्युरी बँडसह हवा होता, एकटा नको होता.

गाण्याचा विषय एकटेपणाचा, आणि ठेका मात्र भरधाव नाचाचा. मधे शब्द सोडून तो नुसत्या अक्षरांवर उड्या घेतो. पाश्चात्त्य संगीतात याला ‘स्कॅट’ म्हणतात. आपल्या कानाला तराण्याची आठवण व्हावी असा तो भाग आहे.

२४ नोव्हेंबर १९९१ रोजी एड्सशी संबंधित न्यूमोनियाने मर्क्युरी गेला. मग ‘नो मोअर ब्रदर्स’ या नावाने काम करणाऱ्या निर्मात्यांनी या गाण्याचं रिमिक्स केलं. रिमिक्समध्ये आवाजाचा मूळ ट्रॅक ठेवून त्याभोवतीचं वादन नव्याने रचतात. इथे नव्वदच्या दशकातल्या क्लबांत चालणारा ठेका आला. पन्नासाव्यावर अडकलेलं गाणं पहिल्या क्रमांकावर गेलं आणि दोन आठवडे तिथे राहिलं. एकट्याच्या नावावर ब्रिटनमध्ये त्याला पहिला क्रमांक मिळाला तो हाच.

त्याच्या मृत्यूनंतरच्या हळहळीचा या यशात वाटा होताच. पण नुसत्या हळहळीवर गाणं नाचाच्या क्लबांत चालत नाही. काळाच्या फॅशनबरोबर जुनं झालं ते १९८५ चं वादन; गळा जुना झाला नाही. रिमिक्सविषयी आपल्याकडे नाकं मुरडली जातात, आणि पुष्कळदा ते योग्यही असतं. या गाण्यात मात्र रिमिक्सने आवाजावरचं ओझं उतरवलं.

दोन्ही आवृत्त्या आज सहज ऐकायला मिळतात. पाचगणीत राहणाऱ्यांनी, तिथल्या शाळांत संगीत शिकवणाऱ्यांनी त्या एकापाठोपाठ मुलांना ऐकवाव्यात. जगभरातून मर्क्युरीचे चाहते घाट चढून येतात. त्यांना शाळेचं फाटक कुठे आहे ते सांगताना, तिथे शिकलेल्या मुलाच्या गाण्याविषयीही आपल्याला दोन शब्द बोलता आले पाहिजेत.