पोटातील नळी आणि घरातील हात

गेल्या वर्षीच्या पावसाळ्यातील गोष्ट. रात्रीचे जेवण आटोपून मी वाचीत बसलो असता रायसेन जिल्ह्यातील एका खेड्यातून फोन आला. "फादर, उद्या आईच्या पोटात नळी घालणार आहेत. पवित्र तेल घेऊन आजच या." हे कुटुंब मूळचे वऱ्हाडातले. वडील भोपाळच्या भेलच्या कारखान्यात नोकरीस होते. निवृत्त झाल्यावर त्यांनी इकडे थोडी जमीन घेतली. ते आता हयात नाहीत. मी भर पावसात गेलो. म्हातारीने शांतपणे अभ्यंग घेतला आणि मग मला विचारले, "फादर, नळी घातल्यावर माणूस किती दिवस काढतो?"

मजजवळ उत्तर नव्हते. दुसऱ्या दिवशी भोपाळच्या इस्पितळात डॉक्टरांनी ते दिले. ही नळी मरणाची खूण नव्हे. ती नीट सांभाळली तर माणसे तिच्या आधारे कित्येक वर्षे घरी राहून जगतात. वाचकहो, त्या दिवशी जे ऐकले आणि पुढे त्या घरात जे पाहिले, ते येथे लिहितो. कारण अशीच भीती आपल्या पुष्कळ घरांत असेल.

दोन्ही मूत्रपिंडे निकामी झाली की रक्तातील विषारी द्रव्ये व जादा पाणी शरीरातच साठू लागते. ते काढण्याचा सर्वपरिचित मार्ग म्हणजे यंत्रावरचे डायलिसिस. आठवड्यातून दोनतीनदा इस्पितळात जाऊन चार चार तास खाटेवर पडून राहावयाचे. शहरातल्या माणसास हे जमते. परंतु जाऊनयेऊन ऐंशी किलोमीटर, आणि प्रत्येक खेपेस सोबतीला जाणाऱ्या मुलाचा कामाचा दिवस बुडतो, तेथे काय करावे? दुसरा मार्ग पोटातून जातो. आतड्यांभोवती उदरावरण नावाचा एक पातळ पडदा असतो. त्याच्या पोकळीत साखरेचे औषधी पाणी सोडून ते चारसहा तास ठेवले, तर रक्तातील घाण त्या पडद्यातून पाझरून पाण्यात उतरते. मग ते पाणी काढून टाकावयाचे आणि नवे भरावयाचे. बहुधा दिवसातून चार वेळा, दर खेपेस सुमारे अर्धा तास; तोही घरीच, आपल्या खाटेवर बसून.

जर्मनीत गेऑर्ग गांटर या वैद्याने १९२३ साली माणसावर हा प्रयोग प्रथम केला. पण पोटात कायम राहील आणि पोटाला बाधणार नाही अशी नळी मिळावयास १९६८ साल उजाडावे लागले. अमेरिकेत सिॲटल येथे हेन्री टेंकहॉफ यांनी मऊ सिलिकॉन रबराची नळी तयार केली आणि तिच्यावर डेक्रॉन कापडाची दोन कडी बसविली. एक कडे पोटाच्या स्नायूशी राहते, दुसरे कातडीखाली. शरीराचे मांस हळूहळू त्या कापडात शिरते आणि बाहेरील जंतूंच्या वाटेवर जणू बांधच पडतो. आजही बहुतेक नळ्या याच घडणीच्या असतात. करंगळीहून बारीक आणि जेमतेम हातभर लांब अशी ही वस्तू पाहून मला तर क्षणभर हसूच आले; एवढ्याशा नळीसाठी आम्ही रात्रभर जपमाळ ओढली होती!

नळी बसविण्याआधी आतडी रिकामी व्हावीत म्हणून रेचक देतात, मूत्राशय रिकामे करावयास सांगतात आणि जंतुनाशक औषध टोचतात. मग बेंबीच्या थोडे खाली, बाजूस जागा बधिर करून सुईच्या मार्गाने, किंवा शस्त्रक्रियेने वा दुर्बिणीने, नळी आत सरकवितात. तिचे छिद्रे असलेले टोक ओटीपोटाच्या तळाशी राहते. बाहेर निघणारे तोंड खाली वा आडवे वळवितात, म्हणजे घाम व पाणी तेथे साचत नाही.

यातली एक गोष्ट मला फार आवडली. नळीचे तोंड कोठे काढावयाचे ते परिचारिकेने आदल्या दिवशीच ठरविले. म्हातारीला तिने नेहमीचे लुगडे नेसून उभे केले, बसविले, वाकविले आणि परकराची नाडी जेथे आवळते ती जागा सोडून कातडीवर खूण केली. पुरुषाच्या बाबतीत करदोटा व पट्टा पाहावा लागतो. हे कोणी विचारले नाही, तर आपण होऊन सांगावे. त्यात लाज कसली?

पुढचे दोन आठवडे जखम भरू द्यावयाची. पट्टी भिजवावयाची नाही, उगाच सोडावयाची नाही, जड उचलावयाचे नाही. बद्धकोष्ठ होऊ देऊ नये, कारण फुगलेले आतडे नळीला ढकलते आणि पाणी निघेनासे होते. त्यानंतर मात्र सारे घरच्यांच्या हाती. सूनबाई इस्पितळात राहून शिकली. खोलीची दारे-खिडक्या लावणे, पंखा बंद करणे, मांजर बाहेर काढणे, तोंडाला फडके बांधणे, साबणाने बोटांच्या बेचक्यांपर्यंत हात धुऊन स्वच्छ कोरड्या कपड्याने पुसणे, नळी पोटाला चिकटपट्टीने बांधून ठेवणे, तोंडाशी रोज सांगितलेले मलम लावणे. कात्री नळीजवळ कधीही नाही. नदी-तळ्यातली आंघोळ तर कायमची बंद, आणि हे म्हातारीस सर्वांत जड गेले. महिन्याला सव्वाशेच्या घरात पिशव्या लागतात; त्यांच्या खोक्यांसाठी धान्याच्या कोठीचा कोपरा रिकामा करावा लागला. खर्चही थोडा नाही. केंद्र सरकारच्या डायलिसिस योजनेत या पद्धतीसाठी २०१९ साली मार्गदर्शक नियम निघाले आहेत; तेव्हा जिल्हा रुग्णालयात चौकशी अवश्य करावी.

आता एक चूक सांगतो, तिच्यात माझाही वाटा आहे. नाताळच्या आदल्या संध्याकाळी पोटातून निघालेले पाणी भाताच्या पेजेसारखे गढूळ दिसले. घर पाहुण्यांनी भरलेले. सूनबाईने मला फोन केला; मी मध्यरात्रीच्या मिस्साच्या तयारीत होतो. "सकाळी पाहू," असे मी बोलून गेलो. पहाटे म्हातारी पोट धरून बसली, अंगात ताप चढला. उदरावरणाला जंतूंची लागण झाली होती. डॉक्टरांनी पिशवीतले पाणी तपासावयास पाठविले आणि नव्या पाण्यातूनच जंतुनाशक औषध पोटात सोडण्यास आरंभ केला. नळी वाचली, म्हातारीही वाचली. परंतु आणखी एक दिवस गेला असता तर नळी काढावी लागली असती, असे त्यांनी मला स्पष्ट सांगितले. गढूळ पाणी दिसले की घटका न दवडता, रात्र असो वा सण असो, ती पिशवी बरोबर घेऊनच इस्पितळ गाठावयाचे. धर्मगुरूला फोन मागाहून करावा.

सूनबाईने पुढे रडत सांगितले की त्या दिवशी घाईत हात धुतल्यावर तिने ते पदराला पुसले होते. मी तिला रागावलो नाही. तो अधिकार मला उरला नव्हता.

हल्ली ती निघालेल्या पाण्याची पिशवी छापील कागदावर ठेवून पाहते. पाणी निर्मळ असले तर खालची अक्षरे वाचता येतात. मागच्या रविवारी मी गेलो तेव्हा पिशवीखाली जुने वर्तमानपत्र होते, आणि चष्मा लावून म्हातारी स्वतःच त्यातला सोयाबीनचा भाव वाचीत होती.