पडद्यावरील शस्त्रे आणि शब्दांचे अर्थ

एखादी व्यक्ती थांबता थांबत नसेल तर ‘तोंडाचा पट्टा सुरू झाला’ असे आपण म्हणतो. येथे पट्टाच का? तलवार का नाही? या प्रश्नाचे उत्तर शब्दकोशापेक्षा शस्त्राच्या रचनेत अधिक स्पष्टपणे सापडते.

२.१ रचना आणि हालचाल

पट्ट्याचे पाते लांब, सरळ, लवचीक व दुधारी असते. मुठीऐवजी त्याला हात झाकणारा लोखंडी खोबळा असतो आणि आतील आडवी दांडी मुठीत आवळून धरावी लागते. त्यामुळे मनगट जखडले जाते व पाते हाताचाच पुढचा भाग बनते. तलवार मनगटाच्या वळणावर खेळवता येते. पट्टा मात्र कोपर, खांदा व कंबर यांच्या बळावर, पवित्रे बदलत, अखंड फिरवावा लागतो. फिरत्या पट्ट्याजवळ कोणी जाऊ शकत नाही. न थांबणाऱ्या, समोरच्याला वाव न देणाऱ्या बोलण्यास पट्ट्याची उपमा का मिळाली, याची संगती येथे लागते.

२.२ पडद्यावरील चित्रण

बाबूराव पेंटर यांच्या ‘सिंहगड’ (१९२३) या मूकपटापासून ‘फर्जंद’ (२०१८) पर्यंत ऐतिहासिक चित्रपटांची परंपरा मराठीत आहे. चित्रीकरणात बोथट किंवा हलकी शस्त्रे वापरणे ही सुरक्षिततेची गरज आहे. तो दोष नव्हे. मात्र पट्टा तलवारीसारखा चालवला, पात्यावर पाते आपटून संवादासाठी थांबवला, तर प्रेक्षकाच्या मनात चुकीचे चित्र ठसते. कोल्हापूरच्या मर्दानी खेळांच्या आखाड्यांत ही विद्या आजही शिकवली जाते. तेथील वस्तादांचे मार्गदर्शन म्हणूनच मोलाचे ठरते.

२.३ नावांतील इतिहास

संवादलेखकाने प्रत्येक शस्त्राला ‘तलवार’ वा ‘भाला’ म्हटले, तर इतिहासही पुसला जातो. ‘फिरंग’ या नावात युरोपीय पात्याची ओळख आहे. ‘विटा’ हे दोरी बांधलेले फेकण्याचे शस्त्र. ते फेकून परत ओढता येते. ‘बिचवा’ हे नाव विंचवाच्या नांगीसारख्या वक्र पात्यावरून आले. मराठी ‘विंचू’ व हिंदी ‘बिच्छू’ हे दोन्ही संस्कृत ‘वृश्चिक’पासून आलेले शब्द, ‘बिचवा’तील ‘ब’ हिंदीशी असलेले नाते सुचवतो.

महाराष्ट्र शासनाने २०२४ मध्ये दांडपट्ट्याला राज्यशस्त्र म्हणून घोषित केले. परंतु घोषणेने शब्द टिकत नाही. त्यामागील कृती डोळ्यांसमोर असेल तरच तो अर्थपूर्ण राहतो. ही कृती आज बहुतेकांना पडद्यावरच दिसते. त्यामुळे पडद्यावरील अचूकता हा भाषेचाही प्रश्न आहे.

स्वाध्याय

१. हिंगोली जिल्ह्यातील आपल्या गावी दसऱ्याला पूजल्या जाणाऱ्या शस्त्रांची व अवजारांची स्थानिक नावे वडीलधाऱ्यांना विचारून नोंदवा.
२. ‘ढाल करणे’, ‘तलवार म्यान करणे’ या वाक्प्रचारांचा मूळ कृतीशी असलेला संबंध स्पष्ट करा.
३. एखाद्या ऐतिहासिक मालिकेतील एक प्रसंग पाहून त्यातील शस्त्रांची नावे व हालचाली यांचा मेळ तपासा.