विश्लेषण : ‘मॅट’चा आदेश हाती, तरी साहेब ऐकेनात... हा न्यायालयाचा अवमान ठरतो का?

निलंबन किंवा बडतर्फीविरोधात सरकारी कर्मचारी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये जिंकतो. आदेशाची प्रत घेऊन कार्यालयात गेल्यावर उत्तर मिळते, ‘फाइल मंत्रालयात आहे’. आठवडे जातात आणि मग अवमान अर्जाची भाषा सुरू होते. हा अर्ज कधी चालतो आणि कधी उलटतो?

अवमान म्हणजे नेमके काय?

न्यायालय अवमान कायदा, १९७१ नुसार आदेशाचे जाणूनबुजून केलेले उल्लंघन हा दिवाणी अवमान. सारी मदार ‘जाणूनबुजून’ या शब्दावर आहे. नुसती दिरंगाई किंवा आदेशाचा प्रामाणिकपणे लावलेला वेगळा अर्थ पुरेसा ठरत नाही. शिक्षा सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजार रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही. दिवाणी अवमानात आधी दंडाचाच विचार व्हावा, असे कायदाच सांगतो. प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा, १९८५ च्या कलम १७ मुळे ‘मॅट’लाही हे अधिकार आहेत.

आदेश पाळला, पण निर्णय विरोधात गेला तर?

सर्वाधिक गफलत इथे होते. समजा आदेश आहे, ‘विभागीय चौकशी तीन महिन्यांत पूर्ण करा.’ विभाग चौकशी पूर्ण करतो आणि कर्मचाऱ्याला बडतर्फ करतो. कर्मचाऱ्याला वाटते, हा तर सूड! असेलही. पण तो अवमान नव्हे. चौकशी पूर्ण करा असे सांगितले होते, निर्दोष सोडा असे नव्हे. राजस्थानातील ज्येष्ठता यादीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये स्पष्ट केले, की आदेशानुसार घेतलेला निर्णय चूक असो वा बरोबर, त्याने दाद मागण्याचे नवे कारण निर्माण होते. त्याला वेगळे आव्हान द्यावे लागते.

तीन महिन्यांचे पाच झाले तर उशिराबद्दल जाब विचारता येतो. मात्र मुदत उलटली म्हणून चौकशी आपोआप रद्द होतेच असे नाही. त्यासाठी आदेशाचा शेवटचा परिच्छेद शब्दन् शब्द वाचावा.

मुदतीचा फटका कसा बसतो?

कथित अवमान घडल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. दुसरीकडे, बडतर्फीच्या अंतिम आदेशाविरोधात ‘मॅट’कडे जाण्याची मुदतही साधारण एक वर्षच आहे आणि त्याआधी सहसा खात्यांतर्गत अपील करावे लागते. अवमान अर्जाच्या तारखांमध्ये वर्ष गेले आणि शेवटी अर्ज निकाली निघाला, की कर्मचाऱ्यावर विलंबमाफी मागण्याची वेळ येते. ती मिळतेच असे नाही.

अवमान अर्जातच थकीत पगार, बढती मिळते का?

मूळ आदेशात नसेल तर नाही. अवमानाच्या सुनावणीत मूळ वादाचा नव्याने निवाडा करता येत नाही, हे मिदनापूर पीपल्स को-ऑपरेटिव्ह बँकेच्या प्रकरणात २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले. हा वादही बँक आणि तिच्या कर्मचाऱ्यातलाच होता.

विभागाने उच्च न्यायालयात आव्हान दिले तर?

याचिका दाखल केली म्हणजे स्थगिती मिळाली, असा समज कार्यालयांत सर्रास आढळतो. तो चुकीचा आहे. स्थगिती नसेल तर आदेश लागूच असतो. अर्थात स्थगितीचा अर्ज प्रलंबित असल्यास तो आधी ऐकला जावा, अशीही भूमिका सर्वोच्च न्यायालयाने घेतली आहे.

अधिकारी खरेच तुरुंगात जातात का?

क्वचित. आरा गिरण्यांच्या परवान्यांप्रकरणी २००६ मध्ये राज्याचे तत्कालीन मंत्री स्वरूपसिंह नाईक आणि प्रधान सचिव अशोक खोत यांना सर्वोच्च न्यायालयाने एक महिन्याची कैद सुनावली होती. मात्र ऊठसूट अधिकाऱ्यांना न्यायालयात उभे करू नये, अशी कार्यपद्धती त्याच न्यायालयाने जानेवारी २०२४ मध्ये घालून दिली. बहुतेक प्रकरणांत नोटीस निघाली की फाइल हलते, आदेश पाळला जातो, माफीनामा येतो आणि अर्ज निकाली निघतो.

‘आदेश मिळालाच नाही’ हा बचाव मात्र नेहमीचा. म्हणून प्रमाणित प्रत आवक शाखेत देऊन तारखेसह शिक्का घेतलेली पोच जपून ठेवावी.