विमानात विणायचंय? आधी टाके सांभाळा!

कल्याणहून सकाळची फास्ट लोकल. लेडीज डब्यात बसायला मिळालं की बॅगेतून लोकर काढायची, दादर येईपर्यंत चार ओळी पूर्ण. कुणी हटकत नाही; उलट शेजारच्या काकू विचारतात, ‘हा टाका कसा घातलास गं?’ पण डिसेंबरच्या सुट्टीत तुम्ही विमानाने दिल्लीला निघालात आणि आजीसाठीचा अर्धा स्वेटर सोबत आहे, तर?

विमानात काय न्यायचं याचे नियम आपल्याकडे बीसीएएस ही सरकारी यंत्रणा करते. मुंबई विमानतळावर तपासणी सीआयएसएफचे जवान करतात. टोकदार कात्री, कटर, ब्लेड हँडबॅगेत चालत नाहीत. विणकामाच्या सुया अमेरिका, ब्रिटनमध्ये केबिनमध्ये नेता येतात. पण अमेरिकेतही शेवटचा शब्द तपासणाऱ्या अधिकाऱ्याचाच. त्यामुळे ‘रीलमधली ती तर नेते!’ हे इथे सांगून उपयोग नाही.

खरी गोची पुढे आहे. सिक्युरिटी चेक होतो तोवर तुमची मोठी बॅग काउंटरवरून आत गेलेली असते. सुई अडवली तर ती ठेवायची कुठे? आणि घाईत सुई ओढून काढली की टाके सुटतात. महिन्याभराची मेहनत ट्रेमध्येच उसवते!

म्हणून निघण्यापूर्वी एवढं कराच:

• सुईवरच्या सगळ्या टाक्यांमधून वेगळ्या रंगाचा सुती दोरा ओवा, टोकांना गाठ मारा. आता सुई काढली तरी टाके जागेवर राहतील.

• सुया, कात्री कापडात गुंडाळून चेक-इन बॅगेत टाका. अर्धा स्वेटर आणि लोकर हँडबॅगेत.

• सुई सोबत हवीच असेल तर बांबूची किंवा प्लास्टिकची, गेली तरी चालेल अशी घ्या. बॅग देण्याआधी काउंटरवर विचारा. ‘नाही’ म्हणाले, तर ती तिथेच मोठ्या बॅगेत जाईल.

• प्रवासासाठी क्रोशा बरा. त्यात बहुतेक वेळा एकच टाका सुटा असतो. तो ओढून मोठा करून ठेवला की काम वाचतं.

• धागे घरूनच कापून न्या.

• पेंटिंगवाल्यांनो, थिनर, टर्पेंटाइन, स्प्रे पेंट कुठल्याच बॅगेत नको. ते पेट घेणारे पदार्थ आहेत.

सुई दिल्लीच्या बाजारातही मिळेल. आजीचा स्वेटर मात्र पुन्हा पहिल्या टाक्यापासून विणावा लागेल. तेव्हा दोरा आज रात्रीच ओवून ठेवा!