मुंबई पडद्यावर, ठेका जुन्नरचा

कथा नाही, नायक नाही. नुसतं शहर आणि त्याचा वेग. वाल्टर रुटमान यांनी १९२७ मध्ये बर्लिनचा एक दिवस असा पडद्यावर मांडला. सुरुवातीला आगगाडी शेतं मागे टाकत शहरात शिरते. मग शेतांचं नाव निघत नाही. शहरपटांची ही खोड पुढेही टिकली, आणि मला ती खटकते.

आपल्याकडे असे प्रयोग फिल्म्स डिव्हिजनमध्ये झाले. प्रमोद पति यांच्या ‘ट्रिप’मध्ये (१९७०) मुंबईची वर्दळ झटके देत धावते. पडद्यावर सेकंदाला चोवीस चौकटी सरकतात. कॅमेऱ्याने सेकंदाला एकच टिपली, तर तासाभराची धावपळ अडीच मिनिटांत उरकते आणि एरवी नजरेतून सुटणारी गर्दीची लय दिसू लागते.

मला मात्र मणी कौल यांचा ‘अरायव्हल’ (१९८०) अधिक जवळचा. मुंबईत येऊन पडणारा भाजीपाला, मेंढरं आणि कामाच्या शोधात आलेली माणसं तिथे एकाच नजरेने पाहिली आहेत. शहर कोणाच्या जिवावर चालतं, हे तो चित्रांतून विचारतो.

जुन्नर-आंबेगावला याचं उत्तर ठाऊक आहे. नारायणगावच्या टोमॅटो बाजारात पिकअप रांगेने लागतात. व्यापारी क्रेटमधला वरचा थर बाजूला सारून तळाचा माल बघतो, भाव ठरतो, क्रेट हातोहात गाडीत चढतात. मंचरहून मेथी-कोथिंबिरीच्या जुड्या निघतात. कोणी माळशेज उतरतं, कोणी चाकण-तळेगावमार्गे बोरघाट. उजाडायच्या आत वाशी गाठायची असते.

डबेवाल्यांचंही तेच. जुन्नर, आंबेगाव, खेड, मावळ, मुळशीतली ही मंडळी चैत्रात गावच्या यात्रांसाठी काही दिवस सुट्टी घेतात. तेवढे दिवस मुंबईतल्या कचेऱ्यांत दुपारच्या जेवणाची सोय ज्याची त्याने बघायची! महानगराचं वेळापत्रक ग्रामदैवताच्या तिथीपुढे थांबतं, हे कुठल्या शहरपटात यायला नको का?

झिगा व्हर्टोव्ह यांनी १९२९ च्या चित्रपटात मॉस्को, कीव्ह आणि ओडेसा जोडून एकच शहर उभं केलं होतं. त्याच हक्काने नारायणगाव आणि वाशी जोडता येतील. इथल्या मोबाइलवर चित्रण करणाऱ्या पोरांनी ते करावं. निवेदन नकोच. लिलावाचा पुकारा, घाटात गिअर बदलल्याचा घरघराट, वाशीत हमालाने क्रेट आदळल्याचा आवाज, एवढं नीट ध्वनिमुद्रित करा आणि संकलनाला त्यावरच बसा.