शेवाळ, शैवल आणि नीलहरित शैवल

एक शब्द, अनेक वस्तू

विहिरीच्या पायरीवर पाय घसरतो. आपण म्हणतो, "शेवाळ आलंय." तळ्याच्या कडेला हिरव्या केसांचा पुंजका तरंगतो. त्यालाही आपण शेवाळ म्हणतो. पावसाळ्यात भिंतीवर हिरवी मखमल चढते. तेही शेवाळच. उन्हाळ्यात तळ्याचे पाणी हिरवेगार पडते आणि वर साय धरते. त्यालाही नाव तेच.

वस्तू चार आणि नाव एक. बोलण्यापुरते ते चालते. पण या चारांपैकी एक वस्तू अशी आहे की, तिच्यामुळे गोठ्यातले जनावर दगावू शकते. म्हणून तिला वेगळे ओळखता आले पाहिजे, आणि वेगळ्या नावाने हाकही मारता आली पाहिजे.

शेतकऱ्याला हे नवीन नाही. रानात उगवते ते सारे गवतच. पण तुम्ही नुसते गवत म्हणता का? हरळी वेगळी, लव्हाळा वेगळा, कुंदा वेगळा. कारण प्रत्येकाचा गुण वेगळा आणि प्रत्येकाचा बंदोबस्तही वेगळा. पाण्यातल्या हिरवळीचेही तसेच आहे.

शास्त्राचा शब्द

शास्त्राच्या पुस्तकात 'शैवल' असा शब्द येतो. तो संस्कृत आहे. आपला 'शेवाळ' हा शब्द त्याच घरातला. म्हणजे शब्द ओळखीचाच आहे, फक्त शास्त्रज्ञांनी त्याचा अर्थ नेमका करून घेतला आहे. इंग्रजी पुस्तकात याला 'अल्गी' म्हणतात. हा मूळचा लॅटिन शब्द. त्या भाषेत त्याचा अर्थ समुद्रातले शेवाळ असा होता. पुढे गोड्या पाण्यातल्या शेवाळालाही तेच नाव लागले.

शैवल कशाला म्हणावे? ज्याला मूळ नाही, खोड नाही, पान नाही, फूल नाही, आणि तरीही जे झाडाप्रमाणे उन्हाच्या बळावर आपले अन्न आपणच तयार करते, त्याला शैवल म्हणावे. बहुतेक शैवले पाण्यात किंवा ओलाव्यात राहतात. काही इतकी बारीक असतात की, सूक्ष्मदर्शक यंत्राशिवाय एक एक दिसत नाहीत. लाखो एकत्र आली म्हणजे पाणी हिरवे दिसते.

आता ही व्याख्या लावून पाहा. भिंतीवरच्या हिरव्या मखमलीला जवळून पाहिले तर चिमुकली पाने दिसतात. म्हणजे ते शैवल नव्हे. त्या वनस्पतीला शास्त्रात 'मॉस' म्हणतात. पाण्यावर तिळाएवढी हिरवी पाने तरंगतात आणि त्यांना खाली बारीक मुळे लोंबतात. तेही शैवल नव्हे. जनावरांना खाऊ घालतात तो 'ॲझोला'सुद्धा शैवल नव्हे, तो पाण्यातला नेचा आहे. विहिरीच्या पायरीवरचा बुळबुळीत हिरवा थर मात्र बहुधा शैवलाचा असतो.

केसांसारखे शेवाळ

पावसाळा सरला, तळ्यातले पाणी निवळले, म्हणजे कडेला हिरव्या धाग्यांचे पुंजके दिसू लागतात. हाताने उचलले तर ओल्या केसांसारखे लोंबतात. बोटांना बुळबुळीत लागतात. यांत पुष्कळ जाती असतात. त्यांतल्या एका फार प्रसिद्ध जातीचे नाव आहे 'स्पायरोगायरा'.

हे नाव लिंक नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाने १८२० साली दिले. ते ग्रीक शब्दांवरून बनवले आहे. त्याचा अर्थ वेटोळे, पीळ. असे नाव का? या शेवाळाचा एक धागा सूक्ष्मदर्शकाखाली धरला, तर तो बांबूसारखा पेरापेरांचा दिसतो. प्रत्येक पेर म्हणजे एक पेशी. आणि प्रत्येक पेरात आतल्या बाजूने हिरवी फीत पिळासारखी फिरत गेलेली असते. बांगड्या भरलेल्या हातासारखी ती शोभते. त्या फितीत हिरवा रंग असतो, आणि त्या रंगाच्या जोरावर शैवल उन्हात अन्न बनवते.

अन्न बनवताना ते प्राणवायू बाहेर टाकते. त्या वायूचे बुडबुडे धाग्यांत अडकतात आणि पुंजका वर तरंगतो. सकाळी तळाशी असलेले शेवाळ दुपारी वर आलेले दिसते, ते यामुळे. स्पायरोगायराच्या ४०० हून अधिक जाती शास्त्रज्ञांनी नोंदल्या आहेत.

या शेवाळाचा त्रास नाही असे नाही. हौद घाण होतो, नळी तुंबते. खूप माजून एकदम कुजले, तर पाण्यातला प्राणवायू कमी होतो आणि मासे मरतात. पण गुरांना विष बाधते, ते या केसांसारख्या हिरव्या शेवाळाने नव्हे. ते काम दुसऱ्याचे आहे.

नाव शैवलाचे, जात जिवाणूची

त्या दुसऱ्याचे नाव 'नीलहरित शैवल'. नील म्हणजे निळे, हरित म्हणजे हिरवे. त्याचा रंग निळसर हिरवा असतो म्हणून हे नाव.

पण नावावर जाऊ नका. देवमाशाला आपण मासा म्हणतो. पण तो पिलांना दूध पाजतो आणि हवेत येऊन श्वास घेतो. तो मासा नव्हे. तसेच नीलहरित शैवल हे खरे शैवल नव्हे. ते जिवाणू आहेत.

हे कशावरून ठरले? खऱ्या शैवलाची पेशी म्हणजे खोल्या असलेले घर. कोठार वेगळे, माजघर वेगळे. मध्ये केंद्रक नावाची बंद खोली असते आणि हिरवा रंगही आपल्या वेगळ्या खोलीत असतो. नीलहरित शैवलाची पेशी म्हणजे एकखणी झोपडी. सारा संसार एकाच जागी मांडलेला. जिवाणूंच्या पेशी अशाच असतात. म्हणून शास्त्रज्ञ आता त्यांना 'सायनोबॅक्टेरिया' म्हणतात. 'सायनो' म्हणजे निळा, आणि 'बॅक्टेरिया' म्हणजे जिवाणू. पण जुने नाव लोकांच्या तोंडी बसले आहे. पुस्तकांत, वर्तमानपत्रांत, शेतीखात्याच्या पत्रकांत दोन्ही नावे येतात. दोहोंचा अर्थ एकच, हे ध्यानात असू द्या.

विषारी बहर

पाणी साचलेले आहे, ऊन कडक आहे, वारा नाही, आणि पाण्यात शेण, सांडपाणी किंवा शेतातले खत वाहून आलेले आहे. असे जमून आले की नीलहरित शैवले भराभर वाढतात. शास्त्रज्ञ याला 'बहर' म्हणतात. आंब्याला मोहोर आला की आपल्याला आनंद होतो. हा बहर मात्र आनंदाचा नव्हे.

यांतल्या काही जाती विष तयार करतात. काही विषे यकृतावर घाला घालतात, काही मज्जातंतूंवर. प्रत्येक बहर विषारी असतोच असे नाही. पण कोणता विषारी आणि कोणता नाही, हे नुसत्या डोळ्यांनी सांगता येत नाही. ते प्रयोगशाळेतच कळते.

ही गोष्ट जगाला कशी कळली? ऑस्ट्रेलिया देशात अलेक्झांड्रिना नावाचे मोठे सरोवर आहे. त्याच्या पाण्यावर रंगासारखी दाट हिरवी साय धरली होती. ते पाणी प्यालेली मेंढरे, घोडे, कुत्री, डुकरे मेली. जॉर्ज फ्रान्सिस यांनी त्याचा शोध घेतला आणि १८७८ साली एका विज्ञानाच्या साप्ताहिकात ते छापून आणले. तेव्हापासून शास्त्रज्ञ या सायीकडे संशयाने पाहू लागले.

त्याच देशात १९७९ साली पाम बेटावर आणखी एक प्रकार घडला. तिथल्या धरणाच्या पाण्यात असा बहर आला होता. तो मारण्यासाठी पाण्यात मोरचूद टाकला. थोड्याच दिवसांत लोक आजारी पडू लागले. १४८ जणांना दवाखान्यात न्यावे लागले, आणि त्यांत बहुतेक मुले होती. झाले असे की, मोरचुदाने पेशी फुटल्या आणि त्यांच्या आतले विष पाण्यात मोकळे झाले.

आता तिसरी हकिगत. अमेरिकेत टोलेडो हे मोठे शहर आहे. ते सरोवराचे पाणी शुद्ध करून पिते. २०१४ सालच्या ऑगस्टमध्ये तिथल्या पाण्यात हे विष आढळले. चार लाखांहून अधिक लोकांना सांगण्यात आले की, नळाचे पाणी पिऊ नका आणि उकळूनही पिऊ नका.

उकळूनही नको? होय. इथेच पुष्कळांची फसगत होते. "पाणी उकळलं की झालं," असे आपण म्हणतो. रोगजंतूंसाठी ते अगदी खरे आहे. पटकी, विषमज्वर यांचे जंतू उकळल्याने मरतात. पण हे विष म्हणजे जंतू नव्हे. ते उकळल्याने जात नाही. उलट पाणी आटले की विष अधिक दाट होते. फडक्याने गाळून ते जात नाही आणि तुरटी फिरवूनही जात नाही.

तेच नाव, भाताच्या खाचरात

एवढे वाचल्यावर कोणी म्हणेल, "मग हे नीलहरित शैवल दिसेल तिथे मारावं." थांबा. कोकणात किंवा मावळात भात लावणाऱ्या शेतकऱ्याला विचारा. शेतीखात्याकडून मिळणाऱ्या जिवाणू खताच्या पुड्यावर हेच नाव छापलेले त्याने पाहिले असेल.

पिकाला नत्र लागते. हवेत नत्र भरपूर असते, पण भाताच्या रोपाला ते हवेतून घेता येत नाही. नीलहरित शैवलांच्या काही जातींना मात्र ते घेता येते. त्या हवेतले नत्र धरतात आणि खाचरात सोडतात. भातशेतीत हे काम या शैवलांचे आहे, हे पी. के. डे या भारतीय शास्त्रज्ञांनी १९३९ साली दाखवून दिले. म्हणून लावणीनंतर साधारण एका आठवड्याने खाचरात पाणी राखून हेक्टरी १० किलो शैवल खत टाकतात. त्यामुळे वरखताची काही बचत होते. ॲझोला गुणकारी ठरतो तोही यामुळेच. त्याच्या पानांत नीलहरित शैवल घर करून राहते आणि नत्र धरते.

म्हणजे नाव एक, पण त्यात अनेक जाती. एकाच आडनावाच्या घरांत एक भला आणि एक लबाड असतोच ना? खताच्या पुड्यावर हे नाव दिसले म्हणून घाबरू नका. आणि पुड्यातले चांगले, म्हणून तळ्यावरची सायही चांगली, असेही समजू नका.

ओळखावे कसे?

घरच्या घरी दोन परीक्षा करता येतात. मात्र पाण्यात उघडा हात घालू नका. हातात पिशवी घाला आणि नंतर हात धुवा.

पहिली परीक्षा काठीची. लांब काठी पाण्यात बुडवून वर काढा. काठीला केसांसारखे लांब धागे लोंबले, तर ते बहुधा धाग्याचे साधे शैवल. काठी रंगाच्या डब्यात बुडवल्यासारखी माखून आली, तर नीलहरित शैवलाचा संशय धरा.

दुसरी परीक्षा बरणीची. काचेच्या बरणीत ते पाणी पाऊण भरा. झाकण लावून ती सावलीत, मुलांच्या हाताला लागणार नाही अशी ठेवा. रात्रभर हलवू नका. सकाळी हिरवा थर तळाशी बसलेला दिसला, तर नीलहरित शैवल फारसे नसावे. हिरवे सारे वर गोळा झाले असेल, तर ते असण्याचा संभव मोठा. कारण त्याच्या पुष्कळ जातींच्या पेशींत हवेचे बारीक फुगे असतात. त्यामुळे त्या तरंगतात.

या परीक्षा संशय घेण्यापुरत्या आहेत. खात्री प्रयोगशाळाच करील. तोवर पाणी वाईट आहे असे धरूनच चालावे. एका बैलाची किंमत काय, हे आम्ही तुम्हांला सांगायला नको.

काय करावे?

ज्या पाण्यावर रंगासारखी साय आहे, ते पिऊ नये. त्यावर गुरे सोडू नयेत. मुलांना त्यात पोहू देऊ नये. वारा साय ज्या काठाला लोटतो, तो काठ सर्वांत वाईट. गुरांसाठी दुसऱ्या विहिरीचे किंवा बोअरचे पाणी डोणीत भरावे. ग्रामपंचायतीला आणि आरोग्य केंद्राला कळवावे. असे पाणी पिऊन जनावर थरथरू लागले, पडू लागले, तर घरगुती औषधात वेळ न घालवता गुरांच्या डॉक्टरला बोलवावे आणि कोणते पाणी प्यायले ते सांगावे. पिण्याच्या पाण्यात आपल्या मनाने मोरचूद टाकू नये.

पण खरा उपाय आधीचा. शैवलाला दोन गोष्टी लागतात, ऊन आणि खत. पाण्याच्या टाकीला झाकण घाला, म्हणजे ऊन मिळणार नाही. उकिरडा तळ्यापासून लांब ठेवा. गुरे आणि कपडे तळ्यात धुऊ नका. सांडपाणी शोषखड्ड्यात सोडा. पिकाला लागेल तेवढेच खत द्या. शेतातून वाहून जाते ते खत पिकाचे पोट भरत नाही, तळ्यातल्या शैवलाचे भरते. आणि पैसा मात्र तुमचा जातो.

ध्यानात ठेवा

१. शैवलाला मूळ, खोड, पान नसते.
२. केसांसारखे हिरवे शेवाळ हे खरे शैवल. स्पायरोगायरा ही त्यातली एक जात.
३. नीलहरित शैवल हे खरे जिवाणू आहेत. त्यांच्या काही जाती विषारी, काही भाताला उपयोगी.
४. शैवलाचे विष उकळल्याने जात नाही.

सांगा पाहू

१. ॲझोला शैवल का नव्हे?
२. तुमच्या गावच्या तळ्यात कोणते शेवाळ आहे? काठीची परीक्षा करून पाहा आणि वर्गात सांगा.
३. तुमच्या गावातले सांडपाणी शेवटी कोठे जाते?