ग्रीनली फील्ड : सहा वर्षांचे मैदान

दलित पँथरने १९७२ साली आपले नाव अमेरिकेतल्या काळ्यांच्या चळवळीवरून घेतले, हे आपल्याला पाठ आहे. त्यांच्या कविता आणि आत्मकथने आपण वाचली. त्यांच्या मैदानांकडे मात्र आपले लक्ष गेले नाही. खेळ हा पोटभरल्यांचा विषय, अशी माझीही समजूत होती. वास्तविक माझ्या गावी शाळेच्या मैदानावर रूळ ओढायला आमच्या वस्तीतलीच पोरे लागत. संघाची यादी लागली की तीत आमची नावे नसत. पिट्सबर्ग या जुन्या पोलादनगरीतल्या बेसबॉल मैदानांविषयी वाचताना तो रूळ मला पुन्हा आठवला.

या शहराच्या रूढ इतिहासात चार मैदानांची नावे हमखास येतात. नदीकाठचे एक्स्पोझिशन पार्क. १९०३ च्या पहिल्या जागतिक मालिकेतले काही सामने तिथे झाले. पुढे १९०९ साली पोलाद-काँक्रीटचे फोर्ब्स फील्ड उभे राहिले. १९७० साली थ्री रिव्हर्स स्टेडियम आले आणि २००१ साली पीएनसी पार्क. ही चारही पायरेट्स या गोऱ्यांच्या मालकीच्या संघाची घरे. पाचवे नाव सांगायला इतिहासकाराला मुद्दाम थांबावे लागते.

काळ्या खेळाडूंना मोठ्या लीगची दारे बंद होती. त्यांचे होमस्टेड ग्रेज आणि पिट्सबर्ग क्रॉफर्ड्स हे संघ नावाजलेले. पण पायरेट्स परगावी गेले की त्यांना फोर्ब्स फील्ड भाड्याने घ्यावे लागे. भाडे घेतले जाई, कपडे बदलायच्या खोल्या आणि न्हाणीघरे मात्र उघडली जात नसत. खेळाडू हिल डिस्ट्रिक्ट या काळ्या वस्तीतल्या वायएमसीएत कपडे बदलून येत. म्हणजे त्यांच्या पैशाला विटाळ नव्हता, अंगाच्या घामाला होता. हिंदूंच्या संघासाठी बळी घेणाऱ्या बाळू पालवणकरांना पुण्यात चहा तंबूबाहेर, मातीच्या भांड्यात मिळे. हे ज्याला ठाऊक आहे, त्याला ही रीत वेगळी समजावून सांगायला नको.

क्रॉफर्ड्सचा मालक गस ग्रीनली हा काळा माणूस. त्याचा पैसा आकड्याच्या धंद्यातला. आपल्याकडच्या मटक्याचाच तो भाऊबंद. सोवळ्या इतिहासकारांना हे अडचणीचे वाटते. मला वाटत नाही. ज्या समाजाला सावकारही धड उभा करीत नाही, त्याचे भांडवल कोणत्या शुद्ध झऱ्यातून यायचे? ग्रीनलीने सुमारे एक लाख डॉलर घालून हिलमधल्या बेडफर्ड अव्हेन्यूवर विटांचे मैदान बांधले. १९३२ साली ते खुले झाले. साडेसात हजारांच्या आसपास माणसे तिथे बसत. पुढे दिवेही लागले, कारण दिवसभर राबणारा माणूस रात्रीच सामना पाहू शकतो. सॅचेल पेज, जॉश गिब्सन, कूल पापा बेल तिथे खेळले; आपल्याच दारातून आत गेले, आपल्याच खोलीत कपडे बदलले. १९३५ साली या संघाने निग्रो नॅशनल लीग जिंकली.

भाबडेपणा मात्र नको. प्रेक्षकांच्या डोक्यावर छप्पर नव्हते. धंद्यात गोरे भागीदार होते, आणि तिकीटखिडकीवर काळी माणसे दिसत नाहीत, अशी तक्रार वस्तीतूनच झाली. मालकाचा रंग बदलला म्हणून मालकी सगळ्यांची होत नाही. १९३७ साली पेजसह अनेक खेळाडू जास्त पैशासाठी डोमिनिकन प्रजासत्ताकात गेले आणि संघ खिळखिळा झाला. १९३८ साली मैदान पाडले गेले. जागेवर गरिबांसाठी सरकारी घरे उठली. घरांची गरज खरी होती, म्हणून या पाडण्याविरुद्ध सरळ बोट उगारता येत नाही. पण घरांसाठी मैदान गेले ते काळ्यांचे. आणि १९५६ पासून याच हिलचा खालचा भाग पाडून सुमारे ८,००० माणसे हलवली गेली, ती घरांसाठी नव्हे. तिथे भव्य प्रेक्षागृह हवे होते. तेही २०१२ पर्यंत पाडून झाले.

गिब्सन जानेवारी १९४७ मध्ये वारला, पस्तिसाव्या वर्षी. तीनच महिन्यांनी जॅकी रॉबिन्सन मोठ्या लीगमध्ये उतरला. निग्रो लीगमधले आकडे मोठ्या लीगच्या दप्तरात शिरायला २०२४ साल उजाडले. ते शिरताच कारकिर्दीच्या फलंदाजी-सरासरीत गिब्सन सर्वांच्या वर गेला.

फोर्ब्स फील्डच्या भिंतीचा तुकडा आजही जपला आहे. तिथली होम प्लेट विद्यापीठाच्या इमारतीत काचेखाली ठेवली आहे. ग्रीनली फील्डची अशी भिंत नाही. पीएनसी पार्कच्या प्रवेशद्वारापाशी २००६ साली निग्रो लीगच्या सात खेळाडूंचे पुतळे बसवले होते. गिब्सन आणि पेज त्यांत होते. २०१५ साली ते तिथून काढले आणि लिलावात विकले.